कामावरचे कपडे

तिसऱ्या दिवशी राख सावडून आल्यावर हेमलतानं पद्माकरचे कामावरचे कपडे जाळले.

यात तिला वेगळं काही वाटलं नाही. सोनं गाळायच्या धंद्यात कपडे फेकत नाहीत. गलाई करणाऱ्या माणसाच्या बनियनमध्ये, पँटच्या दुमडीत, डोक्याला बांधायच्या फडक्यात सोन्याची धूळ बसते. ती डोळ्याला दिसत नाही आणि धुऊन जात नाही. तेजाबानं, सोनं शुद्ध करायच्या अ‍ॅसिडनं, कपड्यांची चाळण झाली की ते जाळायचे, राख मुशीत घालून वितळवायची. तळाशी गोळी उरते. कधी ज्वारीच्या दाण्याएवढी, कधी बाजरीच्या. सांगलीकडून फरीदाबादला आलेल्या प्रत्येक गलाईवाल्याच्या घरात हे पोरांना शिकवावं लागत नाही.

गच्चीवर घमेलं होतं. नोव्हेंबर होता, सकाळचे दहा वाजून गेले तरी सूर्य धुरामागं पितळी झाकणीसारखा दिसत होता. खालच्या मजल्यावरची बाई वर येऊन म्हणाली की आजकाल आग लावायला मनाई आहे, दंड होतो. हेमलता म्हणाली, मेरे आदमी के कपड़े हैं. बाई तशीच खाली गेली.

पँट मांडीपासून गुडघ्यापर्यंत फाटली होती. फाटलेल्या कडा पिवळ्या, कडक. बनियनवर छातीशी ताजा तांबूस डाग होता. देविकानं, तिच्या मुलीनं, तो डाग अंगठ्यानं चोळून बघितला.

"आई, हा एक राहू दे ना."

"कामावरचे कपडे घरात ठेवत नाहीत."

कपडे जळताना कापडाचा वास आला नाही. दुकानाचा वास आला.

•

राख हरिदासनं नेली. हरिदास हा हेमलताचा धाकटा भाऊ, पद्माकरबरोबर त्याच दुकानात कामाला, दुकानाच्याच माळ्यावर झोपणारा. त्यानं ती भट्टीवर वितळवली आणि गोळी आणून बहिणीच्या हातात दिली. तिनं ती पदराच्या गाठीला बांधली.

दहावा आग्रा कालव्याच्या काठी झाला. दुकानाचा मालक बळवंतशेठ, गावचा, भावकीतला, सगळा खर्च करून उभा होता. दवाखान्याचं त्यानंच बघितलं होतं. घरचा माणूस आहे, चिरफाड नको, असं डॉक्टरला त्यानंच सांगितलं होतं. पिंडाला कावळा यायला वेळ लागला तेव्हा त्यानं हात जोडून मोठ्यानं शब्द दिला, पद्मा, पोरीचं मी बघतो. कावळा आला. मग माणसं पांगायला लागल्यावर तो हेमलताजवळ आला आणि आवाज खाली घेऊन म्हणाला,

"वहिनी, ती गोळी. दुकानाची हाय. हिशोबाला लागती."

तिनं गाठ सोडली. शेठनं गोळी तळहातावर घेतली, हात दोनदा वरखाली केला, सवयीनं. लई नाही, म्हणाला. खिशात टाकली.

हरिदास बाजूला ओल्या धोतरात कुडकुडत उभा होता. त्यानं हे बघितलं. त्यालाही काही वाटलं नाही. कामगाराच्या कपड्यातलं सोनं मालकाचं, हे पाणी उताराकडं जावं तितकं साधं होतं.

•

तो दिवस. आधी, शेठनं पुढं दाव्याच्या उत्तरात कागदावर सांगितला तसा:

दुकान बंद होतं. पद्माकर माझा नोकर नव्हता, भागीदार होता. आमच्यात नोकर नसतात. तो घरीच होता. त्याला दम्याचा त्रास असावा. त्या आठवड्यात दिल्लीची हवा कशी होती ते सगळ्यांना माहीत आहे.

•

आता हेमलतानं बघितला तसा, संध्याकाळपासून.

पद्माकर पायांनी चालत घरी आला. जिना चढताना दोनदा थांबला. घसा जळतोय म्हणाला. गुळाचा खडा मागितला, धुळीच्या धंद्यातली सगळी माणसं मागतात तसा. अर्धी भाकरी खाल्ली. देविकाला म्हणाला, तुझ्या मोबाइलच्या दुकानात पंखा असतो का गं? तिनं एसी असतो म्हटल्यावर हसला आणि हसताना त्याला खोकला आला, तो थांबेना. पहाटेपर्यंत ओठ जांभळे झाले. तोंडाला गुलाबी फेस आला. तो उशीला टेकून बसला होता, आडवं करू देत नव्हता, आणि दोन्ही हातांनी गळ्यापाशी काहीतरी सैल करत होता, गळ्यात काहीच नव्हतं. दवाखान्यात दुपारच्या आत संपला.

आदल्या दुपारी दुकानात काय झालं ते तिला माहीत नव्हतं. हरिदासला विचारलं तर तो म्हणायचा, मी बाहेर होतो आक्का.

खरं होतं ते.

•

शेठनं पोरीचं बघितलं नाही असं नाही. पहिल्या महिन्यात धान्य पाठवलं. दुसऱ्या महिन्यात हेमलता दुकानात गेली तेव्हा तिला बाकावर बसवलं, चहा सांगितला, आणि गिऱ्हाईक आलं म्हणून तिला बाकावरून उठून स्टुलावर बसायला सांगितलं. तिसऱ्या महिन्यात त्यानं फोन उचलला नाही. पद्माकरच्या जागी गावाकडून दुसरा माणूस आला होता. मूस त्याच चिमट्यानं धरत होता.

देविका कामाला होती त्या दुकानातल्या एका मुलीचे वडील मानेसरच्या कारखान्यात काम करताना वारले होते आणि त्यांच्या घरच्यांनी कामगार आयुक्तांकडं दावा लावला होता. म्हणून अहलावत वकील सापडल्या. उंच, हरयाणवी बाई, बोलताना पेन टेबलावर आपटायच्या. त्यांनी सांगितलं की दोन गोष्टी दाखवाव्या लागतील. एक, तुमचा माणूस त्यांचा नोकर होता. दोन, तो कामामुळं मेला.

"तो नौकर थे ना?"

 हेमलताला गावची जत्रा आठवली. पद्माकर कडक इस्त्रीचा शर्ट घालून पारावर बसलेला, चार माणसांत सांगत असलेला, दिल्लीला दुकान आहे, बळवंता आणि मी भागीदारीत. कुणी विचारलंच तर हेमलताही मान हलवायची. गलाईला गेलेला माणूस गावात नोकर म्हणून परत येत नाही. पद्माकरच्या बहिणीचं लग्न त्या भागीदारीवरच ठरलं होतं. आता शेठ गावातून चार जणांना विचारील, आणि चारही जण शपथेवर, खरं समजून, तेच सांगतील.

"आई, बोल ना," देविका म्हणाली.

"नौकर थे," हेमलता म्हणाली. हे ती पहिल्यांदाच तोंडानं म्हणत होती.

वकीलबाईंनी विचारलं, त्या दिवशी अंगावर होते ते कपडे? तेजाबाचे डाग असतील. प्रयोगशाळेत पाठवू.

"जला दिए."

"किसने?"

"मैंने."

पेन आपटायचं थांबलं. मग देविकानंच चाचरत सगळं सांगितलं: सोन्याची धूळ, राख, गोळी, दहाव्याला शेठनं ती मागून घेतलेली. बाई आधी कपाळाला हात लावून ऐकत होत्या. मग त्यांनी हात काढला आणि हिंदीतच विचारलं,

"मागून घेतली? का?"

"कामगाराचे कपडे मालकाचे असतात," देविका म्हणाली.

"आणि भागीदाराचे?"

"भागीदाराचे त्याचे."

"घेताना कुणी बघितलं?"

 मायलेकींच्या तोंडात एकच नाव होतं.

•

हरिदासला शेठ पलवलला दुकान घालून देणार होता.

•

तो एका रविवारी आला. हेमलता गच्चीवर हरभऱ्याची डाळ निवडत बसली होती. थंडी ओसरत होती, धुणं वाळत होतं. तो टाकीला टेकून उभा राहिला, बसला नाही. शेठच्या वकिलानं त्याचं नाव साक्षीला दिलंय म्हणाला. दाजी भागीदार होते एवढंच सांगायचंय.

तिनं गोळीचं विचारलं. तो म्हणाला, ते कशाला काढतीस.

"तू बघितलंस."

"बघितलं. बघितलं म्हणून काय? मी साक्षीत एक बोललो की ते दुसरं विचारणार. दुसरं बोललो की तिसरं." तो नखं कुरतडत होता. त्याची नखं तेजाबानं तपकिरी झाली होती, सतराव्या वर्षापासून. "आक्का, शटर मी ओढलं होतं."

तिचा हात डाळीत थांबला.

धुराची तपासणी करणारी सरकारी पथकं फिरत होती त्या आठवड्यात, त्यानं सांगितलं. गल्लीतली माणसं चिमणीचा पिवळा धूर मोबाइलवर घेऊन तक्रारी टाकत होती. म्हणून शेठ म्हणाले, पंखा बंद ठेवा, धूर बाहेर जाता कामा नये. जुन्या बांगड्यांचा घाणा लावला होता, दाजींनी तेजाब ओतलं होतं, ते उकळायला लागलं होतं, मध्येच थांबवता येत नव्हतं. तेवढ्यात कुणीतरी ओरडलं, पथक आलं. शेठनं फोनवर सांगितलं, शटर ओढ.

"ओढलं. बाहेर कट्ट्यावर बसलो. आतनं दाजींनी वाजवलं एकदा. मला वाटलं चिमटा पडला असंल."

"मग?"

"मग परत वाजवलं."

वाळत घातलेल्या चादरीमागं कुठंतरी कबुतर घुमत होतं. हरिदास पुढचं पटकन बोलून गेला. पथक पानाच्या टपरीशी उभं होतं. ते गेल्यावर त्यानं शटर उघडलं. लालसर धूर पायांवरून बाहेर आला. दाजी भिंतीला धरून बाहेर आले, डोळ्यांतून पाणी, पण हसले त्याच्याकडं बघून. म्हणाले, मेव्हण्या, आज धुरीच दिलीस की मला.

हेमलतानं डाळीतला एक खडा काढला. बाजूला ठेवला.

"पलवलचं दुकान कधी?"

"पाडव्याला."

"बरं."

"हे तिथं बोलू नको. शटर शेठनं न्हाई ओढलं, मी ओढलं. ते सगळं माझ्यावर घालतील."

 तो जिना उतरत असताना तिनं विचारलं, जेवलास का? तो जेवला नव्हता, पण जेवलो म्हणाला.

पुढच्या भेटीत तिनं अहलावतबाईंना सहज विचारल्यासारखं विचारलं, कुणी दुसऱ्याच्या सांगण्यावरून दार बंद केलं तर? बाई म्हणाल्या, कुणाच्या सांगण्यावरून ते सिद्ध व्हावं लागतं. आणि चष्म्यावरून बघत राहिल्या. हेमलतानं पिशवी उचलली.

•

तारखेच्या आदल्या दिवशी बळवंतशेठ स्वतः घरी आला. चप्पल बाहेर काढली, पद्माकरच्या फोटोला नमस्कार केला. म्हणाला, आपसात मिटवू, आपल्या गलाईवाल्यांच्या मंडळाची चार माणसं बसवू, मी कमी पडू देणार नाही. फक्त अर्ज मागं घ्या. त्या अर्जात मला कारखानदार केलंय आणि पद्माला मजूर. गावात वाचलं कुणी तर?

हेमलतानं पदर डोक्यावर घेऊन सगळं ऐकलं. चहा केला. तो पिऊन झाल्यावर तिनं विचारलं, "शेठ, मंडळाच्या माणसांपुढं तुम्ही त्यांना काय म्हणणार?"

"काय म्हणजे?"

"नोकर का भागीदार?"

शेठ हसला. "वहिनी, गेलेल्या माणसाला कशाला नाव ठेवायचं?"

कप उचलताना तिला दिसलं की त्यानं बशीत थोडा चहा ठेवला होता. दुकानात स्वतःचा चहा पिऊन झाला की तो नोकरांसाठी बशीत असाच उरवायचा.

•

कामगार आयुक्तांच्या कार्यालयाच्या बाहेर प्लॅस्टिकच्या खुर्च्या होत्या, फडक्यात गुंडाळलेला कूलर होता. हरिदास शेठच्या गाडीतून उतरला. नवा शर्ट, घड्या न मोडलेला. तो खुर्च्यांच्या रांगेत शेठकडच्या टोकाला बसला. शेठनं हेमलताला विचारलं, जेवण झालं का वहिनी, आणि ती हो म्हणाली, कारण विचारल्यावर हो म्हणायचं असतं.

आत साहेब, टायपिंग करणारा एक माणूस, दोन्ही वकील. सगळं हिंदीत चाललं होतं. अहलावतबाई विचारत होत्या, हरिदास सांगत होता.

मृताचे तुम्ही कोण?

मेव्हणा.

ते दुकानात काय होते?

भागीदार.

नफा कधी वाटून घेतला?

ते दोघांतलं. मला माहीत नाही.

मृताच्या कपड्यांची राख तुम्ही वितळवली?

आठवत नाही.

त्यातली सोन्याची गोळी मालकांनी दहाव्याला मागून घेतली, तुमच्यासमोर?

माझ्यासमोर काही झालं नाही.

कामगाराच्या कपड्यातलं सोनं कुणाचं असतं?

तसा काही नियम नाही.

या शेवटच्या उत्तराला शेठनंही मान वर करून बघितलं. इतकं खोटं त्यालाही सांगायचं नव्हतं.

अहलावतबाईंनी कागद उलटे केले. मागं वळून हेमलताकडं बघितलं. भुवया उचलल्या. और कुछ?

 हरिदास पाठीमागं हात बांधून उभा होता, आणि हेमलता बसली होती तिथून तिला त्याचे फक्त हात दिसत होते. तपकिरी नखं एकमेकांवर घासत होती. या पोराला सतराव्या वर्षी तिनंच आणलं होतं. शेठच्या पायावर तिनंच घातलं होतं, घरचाच समजा म्हणून. पाडव्याला तो पलवलला जाईल. तिथं चिमणी असेल, पंखा असेल, शटर असेल. आणि बाहेर कट्ट्यावर कुणाचा तरी भाऊ बसलेला असेल.

किंवा आत.

ती पुढं वाकली आणि वकीलबाईंच्या कानात दोन वाक्यं बोलली. बोलताना तिनं हरिदासकडं बघितलं नाही. हात घासायचे थांबले, तेवढं तिला दिसलं.

"त्या दुपारी दुकानाचं शटर कुणी ओढलं?"

शेठचा वकील उठला, हा प्रश्न कागदांत कुठंच नाही म्हणाला. साहेबांनी त्याला बसायला सांगितलं. हरिदासनं मान वळवली. तो वकीलबाईंकडं बघत नव्हता, बहिणीकडं बघत होता. तिला वाटलं हा आता रडणार. पण त्याचा चेहरा कोरडाच राहिला, भट्टीपुढं असतो तसा.

"मी."

"आत कोण होतं?"

"दाजी."

"का ओढलंत?"

"शेठनं फोनवर सांगितलं."

"आत तेजाब उकळत होतं, माणूस होता. आणि सांगितलं म्हणून ओढलंत?"

इथं हरिदास हिंदी विसरला. तो मराठीत बोलला, बहिणीकडंच बघत, सावकाश.

"मग काय करू? नोकर माणूस. आणि आत भागीदार असता तर त्याच्यावर शटर ओढ म्हणाला असता का शेठ?"

साहेबांनी विचारलं, क्या बोला? हिंदी में बोलो.

पुन्हा सांगावं लागलं. दुसऱ्यांदा त्याला ते तसं जमलं नाही. तो फक्त म्हणाला, "मैं नौकर हूँ. अंदर भी नौकर था." टायपिंग करणाऱ्यानं वर न बघता ते घेतलं.

बळवंतशेठ खुर्चीत ताठ बसला होता. त्याच्या कानाची पाळी लाल झाली होती.

•

पुढची तारीख मिळाली. अहलावतबाई जिन्यावर म्हणाल्या, अब केस है. मग हरिदासकडं बघून म्हणाल्या, याला एकटं सोडू नका. आणि दुसऱ्या केसला पळाल्या.

गाडीपाशी शेठनं हरिदासपुढं हात केला. चावी. हरिदासनं कमरेची दुकानाची चावी काढून दिली. माळ्यावरची पिशवी पाठवून देतो, शेठ म्हणाला, तू यायची गरज नाही. मग तो हेमलताकडं वळला. आवाज चढवला नाही.

"वहिनी, नवऱ्याला नोकर केलंत, भावाला बेकार. आता पोरीचं काय करताय बघा."

तिनं डोक्यावरचा पदर सारखा केला नाही. तो मघाशीच खाली पडला होता.

•

चौकात भरून जाणाऱ्या रिक्षा उभ्या होत्या. हेमलता मागं बायकांत चेपून बसली. हरिदास पुढं, ड्रायव्हरच्या कडेला, एक मांडी बाहेर. ड्रायव्हरनं मान न वळवता विचारलं, दोनों साथ में?



"साथ में," ती म्हणाली.

रिक्षा बाजाराच्या रस्त्याला लागली. हवेत धूळ होती, गरम व्हायला लागलेली. हरिदासला दोनदा खोकला आला. दोन्ही वेळा तिनं तो पुरता संपेपर्यंत ऐकला.

तिच्या गल्लीच्या तोंडाशी ती उतरली. पैसे दिले. तो तसाच बसून होता, समोर बघत.

"उतर."

"मी जातो पुढं."

"कुठं?"

 तो म्हणाला, "तुला सांगितलं होतं, आक्का. बोलू नको म्हणून."

"सांगितलं होतंस."

"मग?"

तिच्याकडं उत्तर होतं, पण ते रस्त्यात सांगण्यासारखं नव्हतं, आणि तो आत्ता ऐकणारही नव्हता. मागच्या बायका कुजबुजल्या. ड्रायव्हरनं गिअर टाकला. मैडम, छोड़ो, सवारी को देर हो रही है. हेमलताच्या तेव्हा ध्यानात आलं की तिनं रिक्षाच्या छताचा लोखंडी दांडा मुठीत धरलाय. दांडा तापलेला होता.

"सोड," हरिदास म्हणाला.

"उतर आधी."

मागून हॉर्न वाजायला लागले. तिनं पिशवी खांद्यावर सरकवली आणि दुसरा हातही दांड्यावर ठेवला.